‘कामगार’ या शब्दाची व्याप्ती : गेल ऑम्व्हेट यांचे जीवन आणि लेखन

१

मराठीत श्रम करणाऱ्या व्यक्तीसाठी अनेक शब्द आहेत. ‘कामगार’ म्हटले की गिरणी वा कारखाना, हजेरीपट आणि युनियन डोळ्यांसमोर येते. ‘मजूर’ या शब्दात रोजंदारी आहे, ‘शेतमजूर’ या शब्दात दुसऱ्याचे शेत आहे, तर ‘कष्टकरी’ हा शब्द मजुरी मिळो वा न मिळो, अंगमेहनतीवर जगणाऱ्या सर्वांना सामावून घेतो. या शब्दांची स्त्रीरूपे पाहू लागताच मात्र अर्थ सरकतो. ‘शेतकरीण’ म्हणजे शेती करणारी स्त्री की शेतकऱ्याची बायको, हे संदर्भावरून ठरवावे लागते. ‘कुणबी’ म्हणजे जमीन कसणारा. परंतु पेशवेकालीन कागदपत्रांत ‘कुणबीण’ म्हणजे विकत घेतली आणि विकली जाणारी दासी. पुल्लिंगी रूप व्यवसाय सांगते आणि स्त्रीलिंगी रूप दास्य सांगते, ही केवळ व्याकरणाची गंमत नव्हे. स्त्रीच्या श्रमाची गणना भाषेने, शिरगणतीने आणि कामगार कायद्याने कशी केली व कशी टाळली, याची ती खूण आहे.

गेल ऑम्व्हेट (१९४१–२०२१) यांच्या लेखनाचा आणि कार्याचा विचार या शब्दव्याप्तीच्या प्रश्नापासून सुरू करणे उपयुक्त ठरते. जातिव्यवस्थेच्या अभ्यासक, फुले-आंबेडकरी परंपरेच्या भाष्यकार आणि शेतकरी-कष्टकरी चळवळीतील कार्यकर्त्या अशा त्यांच्या तीन ओळखी सहसा वेगवेगळ्या मांडल्या जातात. या तिन्हींना जोडणारा धागा ‘कामगार कोण?’ हा प्रश्न आहे, आणि त्याचे उत्तर शोधताना त्यांनी ज्या प्रकारची साधने वापरली ती तौलनिक साहित्याच्या अभ्यासकाला विशेष महत्त्वाची वाटावीत अशी आहेत, हे प्रस्तुत लेखाचे प्रतिपाद्य आहे.

२

ऑम्व्हेट यांचा जन्म २ ऑगस्ट १९४१ रोजी अमेरिकेतील मिनेसोटा राज्यातल्या मिनिअ‍ॅपोलिस येथे झाला. घराणे स्कॅन्डिनेव्हियातून स्थलांतरित झालेले. कार्लटन महाविद्यालयातील शिक्षणानंतर १९६३-६४ मध्ये फुलब्राइट योजनेखाली इंग्रजी शिकवण्यासाठी त्या प्रथम भारतात आल्या. परतल्यावर बर्कली येथील कॅलिफोर्निया विद्यापीठात त्यांनी समाजशास्त्राचा अभ्यास केला. तो काळ नागरी हक्कांच्या आणि व्हिएतनाम युद्धविरोधी आंदोलनांचा होता. विद्यापीठात बसून समाजाचा अभ्यास करावा की रस्त्यावर उतरून तो बदलावा, हा प्रश्न त्या पिढीपुढे होता. ऑम्व्हेट यांनी या दोहोंपैकी एकाची निवड करण्याचे पुढे आयुष्यभर नाकारले.

पीएच. डी. साठी त्यांनी पश्चिम भारतातील ब्राह्मणेतर चळवळ हा विषय घेतला. १९७३ मध्ये पूर्ण झालेला हा प्रबंध १९७६ मध्ये ‘कल्चरल रिव्होल्ट इन अ कलोनिअल सोसायटी’ या नावाने मुंबईतून प्रसिद्ध झाला. १८७३ मध्ये सत्यशोधक समाजाची स्थापना झाली तेथपासून १९३० पर्यंतचा कालखंड त्यात आहे. राष्ट्रवादी इतिहासलेखनात ब्राह्मणेतर चळवळ ही ब्रिटिशधार्जिणी, नोकऱ्यांसाठी चाललेली धडपड मानली जाई. डाव्या विश्लेषणात जात ही वर्गाची सावली मानली जाई. ऑम्व्हेट यांनी या चळवळीला सांस्कृतिक बंड म्हटले आणि तिचा शोध वृत्तपत्रे, पुस्तिका, जलसे व तमाशे यांतून घेतला. सत्यशोधक जलसा हा गणगौळणीचा साचा घेऊन त्यातला देव, ब्राह्मण आणि राजा यांची जागा बदलणारा प्रकार होता. त्याला साहित्याच्या इतिहासात जागा नव्हती आणि राजकीय इतिहासात तो केवळ प्रचार ठरत होता. त्याला वैचारिक साधनाचा दर्जा देणे हा या ग्रंथाचा पद्धतिशास्त्रीय विशेष होय.

याच शोधात त्यांना श्रमिक चळवळीचा एक वेगळा उगम दिसला. नारायण मेघाजी लोखंडे हे ‘दीनबंधु’शी आणि सत्यशोधक समाजाशी निगडित होते. मुंबईच्या गिरणी कामगारांची पहिली गाऱ्हाणी त्यांनी १८८० च्या दशकात संघटितपणे मांडली. म्हणजे महाराष्ट्रात कामगारप्रश्न जातिप्रश्नाच्या कुशीतून पुढे आला. पुढे कामगारसंघटनांनी तो उगम विसरला. याच परंपरेच्या परिसरात १८८२ मध्ये ताराबाई शिंदे यांची ‘स्त्रीपुरुष तुलना’ प्रसिद्ध झाली. जात, श्रम आणि स्त्रीत्व हे तीन प्रश्न एकाच वैचारिक परिसरात एकोणिसाव्या शतकातच उपस्थित झाले होते, ही जाण ऑम्व्हेट यांच्या पुढील कार्याचा पाया ठरली.

३

संशोधनाच्या निमित्ताने महाराष्ट्रात आलेल्या ऑम्व्हेट यांचा परिचय सांगली जिल्ह्यातील कासेगाव येथील इंदुताई पाटणकर यांच्याशी झाला. इंदुताई साताऱ्याच्या प्रतिसरकारच्या लढ्यातील कार्यकर्त्या. त्यांचे चिरंजीव भारत पाटणकर हे वैद्यकीय शिक्षण घेतलेले, परंतु पूर्णवेळ चळवळीत उतरलेले. १९७६ मध्ये गेल आणि भारत यांचा विवाह झाला. १९८३ मध्ये ऑम्व्हेट यांनी भारतीय नागरिकत्व स्वीकारले. कासेगाव परिसरात त्या शलाका पाटणकर या नावानेही ओळखल्या जात.

एकाच दशकात महाराष्ट्रात आलेल्या दोन पाश्चात्त्य स्त्री-अभ्यासकांची येथे तुलना करणे उद्बोधक ठरेल. १९६० च्या दशकात मारिया मीस पुण्यात जर्मन भाषा शिकवत होत्या. पुढे जर्मनीत परतून त्यांनी भारतीय स्त्री आणि पितृसत्ता या विषयावर प्रबंध लिहिला, आणि आंध्र प्रदेशातील नरसापूरच्या लेस विणणाऱ्या स्त्रियांवरील त्यांचा अभ्यास १९८२ मध्ये प्रसिद्ध झाला. जागतिक बाजारासाठी दिवसभर सुई चालवणाऱ्या या स्त्रिया ‘घरी बसलेल्या’ मानल्या जातात, म्हणूनच त्यांच्या श्रमाचे मोल इतके कमी राहते, हे मीस यांनी दाखवले. मीस भारतातून सिद्धान्त घेऊन युरोपात गेल्या; ऑम्व्हेट अमेरिकेतून प्रश्न घेऊन आल्या आणि येथेच राहिल्या. दोघींच्या आधी पंडिता रमाबाई उलट दिशेने अमेरिकेत गेल्या होत्या आणि तेथील लोकस्थितीचे १८८९ मध्ये प्रसिद्ध झालेले वर्णन त्यांनी मराठी वाचकांसाठी मराठीत केले होते. रमाबाईंनी परका समाज मराठीत आणला. ऑम्व्हेट यांनी मराठी समाज मुख्यतः इंग्रजीत नेला. या फरकाचे परिणाम पुढे पाहावयाचे आहेत.

४

१९७२-७३ च्या दुष्काळाने ग्रामीण महाराष्ट्रातील स्त्रीश्रमाचे दर्शन सर्वांना घडवले. दुष्काळी कामांवर खडी फोडणाऱ्या, माती वाहणाऱ्या स्त्रियांची संख्या मोठी होती. ज्या घरांत ‘आमच्या बायका कामाला जात नाहीत’ असे अभिमानाने सांगितले जाई त्या घरांतील स्त्रियाही कामावर आल्या. त्याच काळात धुळे जिल्ह्यातील शहादे परिसरात श्रमिक संघटनेच्या आदिवासी स्त्रिया मजुरीच्या लढ्याबरोबर दारूच्या गुत्त्यांविरुद्ध उभ्या राहत होत्या. मुंबईत महागाईविरोधी मोर्चांत हजारो स्त्रिया लाटणी घेऊन उतरत होत्या. १९७५ हे आंतरराष्ट्रीय महिला वर्ष. त्या वर्षी जूनमध्ये आणीबाणी जाहीर झाली, आणि तरीही ऑक्टोबरमध्ये पुण्यात स्त्रीमुक्तीच्या प्रश्नावर संयुक्त परिषद भरली.

या घडामोडींच्या मध्यावर राहून ऑम्व्हेट यांनी लिहिलेले ‘वी विल स्मॅश धिस प्रिझन’ हे पुस्तक १९८० मध्ये लंडनहून प्रसिद्ध झाले. सभा, मोर्चे, एस.टी.चा प्रवास, झोपडीतील संभाषणे आणि विश्लेषण एकत्र गुंफणारी त्याची रचना प्रबंधाची नाही, प्रवासवर्णनाचीही नाही. भारतीय स्त्री-चळवळ ही शहरी, सुशिक्षित स्त्रियांची आयात कल्पना आहे, या आक्षेपाला त्याचा प्रतिवाद सरळ होता: चळवळीचा पुढाकार शेतमजूर, आदिवासी आणि दलित स्त्रियांकडे आहे, सिद्धान्त मांडणाऱ्यांनी त्यांच्या मागे जावयाचे आहे.

याच्या एक वर्ष आधी, १९७९ मध्ये, ‘साइन्स’ या अमेरिकी स्त्री-अभ्यासाच्या नियतकालिकात त्यांनी एका दलित शेतमजूर स्त्रीची मुलाखत प्रसिद्ध केली होती. शीर्षकाचा आशय ‘दलितांमधील दलित’ असा होता. या छोट्या मजकुराचे साहित्यिक स्थान अद्याप पुरेसे तपासले गेलेले नाही. बेबीताई कांबळे यांचे ‘जिणं आमुचं’ आणि शांताबाई कांबळे यांचे ‘माज्या जल्माची चित्तरकथा’ ही आत्मकथने पुस्तकरूपाने १९८६ मध्ये आली. त्यापूर्वी दलित स्त्रीचा प्रथमपुरुषी आवाज छापील रूपात क्वचितच उमटला होता, आणि येथे तो मराठी बोलीतून निघून थेट इंग्रजीत पोचला.

याची तुलना लॅटिन अमेरिकेतील साक्षकथनाशी करता येते. बोलिव्हियातील कथिलाच्या खाणीत काम करणाऱ्या मजुराची पत्नी दोमितिला बारिओस दे चुंगारा हिने १९७५ मध्ये मेक्सिको सिटीतील महिला वर्षाच्या व्यासपीठावर खाणमजुरांच्या बायकांची बाजू मांडली. तिचे कथन मोएमा व्हिएसर यांनी शब्दांकित केले आणि ते १९७७ मध्ये स्पॅनिशमध्ये प्रसिद्ध झाले. खाणकामगाराची बायको स्वतः कामगार आहे काय, हाच दोमितिलाचा प्रश्न होता: तिच्या स्वयंपाकावर, धुण्यावर आणि मुले वाढवण्यावर खाणीचा नफा उभा आहे, असे तिचे म्हणणे. दोन खंडांतील ही दोन कथने एकमेकींपासून स्वतंत्रपणे त्याच प्रश्नाशी येतात. फरक असा की दोमितिलाचे नाव ग्रंथकर्तीच्या जागी पोचले. मराठी शेतमजूर स्त्री मुलाखत देणारी म्हणूनच राहिली. मध्यस्थाच्या सद्हेतूने हा फरक भरून निघत नाही. ऑम्व्हेट यांच्या कार्याचे मूल्यमापन करताना त्याची नोंद घेणे आवश्यक आहे.

५

१८ जानेवारी १९८२ रोजी मुंबईच्या कापड गिरण्यांचा संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार त्यात उतरले, आणि संप लांबत गेला तसतसे त्यांतील पुष्कळ जण कोकणात व घाटावर आपापल्या गावी परतले. कामगारांच्या इतिहासात ही पराभवाची कथा म्हणून सांगितली जाते. खानापूर तालुक्यात मात्र तिला दुसरे वळण लागले. परतलेल्या कामगारांनी गावातील दुष्काळाकडे युनियनच्या सवयीने पाहिले. १९८० मध्ये स्थापन झालेल्या श्रमिक मुक्ती दलाच्या कार्यकर्त्यांसह त्यांनी मुक्ती संघर्ष चळवळ उभी केली. येरळा नदीतील वाळू ठेकेदार उपसून नेतात आणि नदी आटते, हे लक्षात आल्यावर त्यांनी उपशाला विरोध केला. नदीतील मर्यादित वाळू गावानेच विकून त्या पैशातून बंधारा बांधावा, अशी योजना पुढे आली. बळीराजा स्मृती धरण त्यातून उभे राहिले. पाण्याचे वाटप जमिनीच्या प्रमाणात नव्हे तर माणसांच्या हिशेबाने व्हावे आणि भूमिहीनांनाही हिस्सा मिळावा, हे त्यामागील तत्त्व होते.

धरणाचे नाव अर्थपूर्ण आहे. ‘इडा पिडा टळो, बळीचे राज्य येवो’ हे घरोघरी म्हटले जाणारे वचन. जोतीराव फुले यांनी त्यातील बळीला कष्टकऱ्यांचा पदच्युत राजा मानले. ब्राह्मणेतर चळवळीच्या प्रबंधात जे प्रतीक ऑम्व्हेट यांनी अभ्यासले होते ते दशकभरानंतर दगडमातीच्या बांधकामाला मिळालेले त्यांनी पाहिले. ‘कामगार’ या शब्दाच्या दृष्टीनेही घटना महत्त्वाची आहे: गिरणी सुटल्यावर कामगार कामगार राहतो काय, आणि गावी राहून इतकी वर्षे शेत सांभाळणारी त्याची बायको कोण, हे प्रश्न येथे एकाच वेळी समोर आले. मुंबईच्या गिरण्यांत विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात स्त्रियांचे प्रमाण पाचव्या हिश्श्याच्या आसपास होते. पुढे ते घटत गेले आणि स्त्रीचा श्रम गावाकडच्या शेतात अदृश्य झाला. गिरणीचा पगार इतका कमी ठेवता येई, कारण कुटुंबाचा उरलेला भार ते शेत आणि ती स्त्री उचलत असे.

सांगली परिसरात इंदुताईंच्या पुढाकाराने स्त्रीमुक्ती संघर्ष चळवळीने परित्यक्ता स्त्रियांचा प्रश्न हाती घेतला. ‘टाकलेली’ हा बोलीतला शब्द नवऱ्याच्या कृतीवरून स्त्रीला नाव देतो. चळवळीने या स्त्रीला दयेचा विषय न मानता रेशनकार्ड, घर आणि जमीन यांवर हक्क सांगणारी नागरिक मानले. माहेर आणि सासर या दोन्ही घरांत राबूनही कोणत्याच घरावर तिचा हक्क नसतो. श्रम आणि मालकी यांच्यातील फारकत परित्यक्तेइतकी उघडपणे क्वचितच कोणाच्या वाट्याला येते.

६

ऑम्व्हेट यांच्या वैचारिक प्रवासातील सर्वांत वादग्रस्त टप्पा शेतकरी संघटनेशी संबंधित आहे. शरद जोशी यांच्या नेतृत्वाखालील या संघटनेचे महिला अधिवेशन नोव्हेंबर १९८६ मध्ये नाशिक जिल्ह्यातील चांदवड येथे भरले आणि ग्रामीण स्त्रियांची प्रचंड उपस्थिती त्याला लाभली. १९९० च्या सुमारास संघटनेने ‘लक्ष्मीमुक्ती’ मोहीम राबवली. शेतकऱ्याने आपल्या जमिनीचा काही भाग पत्नीच्या नावे करून द्यावा, असे तिचे आवाहन होते. ऑम्व्हेट यांनी या घडामोडींचे स्वागत केले. १९९३ मधील ‘रीइन्व्हेंटिंग रेव्होल्यूशन’ या ग्रंथात त्यांनी स्त्रिया, दलित, शेतकरी आणि पर्यावरण यांच्या चळवळी एकत्र घेतल्या. कारखान्यातील मजुरीपुरते मर्यादित असलेले शोषणाचे विश्लेषण अपुरे आहे. शेतमाल, निसर्ग आणि घरातील स्त्रीचा श्रम यांतूनही भांडवलाचा संचय होतो, ही त्यांची भूमिका होती. भांडवलशाहीला बिगरभांडवली क्षेत्रांची सतत गरज असते, हा रोझा लुक्झेंबुर्ग यांचा १९१३ मधील विचार या मांडणीच्या पार्श्वभूमीला आहे.

डाव्या विचारवंतांचा आक्षेप असा की शेतमालाच्या रास्त भावाची मागणी ही जमीनधारकांची मागणी आहे, आणि शेतमजूर स्त्रीचा मालक हाच शेतकरी असतो. हा आक्षेप सहज बाजूला सारता येणारा नाही. १९७९ च्या मुलाखतीतील स्त्री ज्याच्या शेतावर राबत होती तो शेतकरी १९८६ च्या चांदवडमध्ये शोषितांच्या बाजूला उभा केला गेला होता. भाव वाढला तर मजुरी वाढण्यास वाव मिळतो, असे समर्थकांचे उत्तर होते. वाव मिळणे आणि मजुरी मिळणे यांत मात्र संघटित मजुरांच्या दबावाचे अंतर असते, आणि लक्ष्मीमुक्तीने ज्या स्त्रीला जमीन मिळाली ती भूमिहीन घरातील नव्हती. ‘कामगार’ शब्दाची व्याप्ती वाढवताना त्याच्या आतील उतरंड झाकली जाण्याचा धोका असतो. ऑम्व्हेट यांच्या मांडणीचे बळ आणि तिची मर्यादा एकाच ठिकाणी आहेत.

मोठ्या धरणांच्या वादातही त्यांनी प्रचलित प्रवाहाविरुद्ध भूमिका घेतली. १९९९ मध्ये अरुंधती रॉय यांना लिहिलेल्या खुल्या पत्रात त्यांनी धरणांना सरसकट विरोध करणे दुष्काळी भागातील कष्टकऱ्यांच्या हिताचे नाही, असे मांडले. यामागे कृष्णा खोऱ्यातील धरणग्रस्तांच्या पुनर्वसनाचा आणि समन्यायी पाणीवाटपाचा श्रमिक मुक्ती दलाचा लढा होता. पाण्यासाठी मैलोन्‌मैल चालणाऱ्या स्त्रीच्या दृष्टीने विकासाकडे पाहिले तर विकास नाकारणे ही चैन ठरते, असा त्यांचा रोख होता. उदारीकरणाबाबतच्या त्यांच्या अनुकूल मतांनी मात्र अनेक जुने सहकारी दुरावले.

७

आयुष्याचा मोठा भाग ऑम्व्हेट यांनी विद्यापीठाच्या कायम नोकरीबाहेर, लेखनावर आणि तात्पुरत्या नियुक्त्यांवर काढला. पुणे विद्यापीठातील फुले-आंबेडकर अध्यासन, इंदिरा गांधी राष्ट्रीय मुक्त विद्यापीठातील आंबेडकर अध्यासन आदी ठिकाणी त्यांनी काम केले. पत्ता मात्र कासेगावचाच राहिला. १९९४ मध्ये ‘दलित्स अँड द डेमॉक्रॅटिक रेव्होल्यूशन’, २००३ मध्ये भारतातील बौद्ध धम्मावरील ग्रंथ आणि २००८ मध्ये ‘सीकिंग बेगमपुरा’ हे त्यांचे महत्त्वाचे ग्रंथ आले. शेवटच्या ग्रंथात रविदास, कबीर, तुकाराम, फुले, पंडिता रमाबाई, इयोथी थास, पेरियार आणि आंबेडकर एका पंक्तीत येतात. विविध भाषांतील जातिविरोधी विचारांची अखिल भारतीय परंपरा रेखाटण्याचा हा प्रयत्न तौलनिक साहित्याच्या कक्षेत थेट येतो.

अनुवाद हे त्यांच्या कार्याचे दुसरे अंग. वसंत मून यांच्या ‘वस्ती’चा त्यांनी केलेला इंग्रजी अनुवाद २००१ मध्ये प्रसिद्ध झाला, आणि भारत पाटणकर यांच्यासह केलेले तुकारामांच्या अभंगांचे भाषांतर २०१२ मध्ये आले. नागपूरच्या वस्तीतील गिरणी कामगार, तालीम, सभा आणि सण यांचे जग तसेच तुकोबांची वाणी या दोन्ही निवडींमागे एकच दृष्टी आहे: श्रमणाऱ्या माणसाला विचार करणारा माणूस म्हणून वाचणे.

२५ ऑगस्ट २०२१ रोजी कासेगाव येथे त्यांचे निधन झाले. त्यांच्या लेखनाने मराठी पुस्तिका, जलसे, गाणी आणि मुलाखती जागतिक अभ्यासविश्वात पोचवल्या. त्याची एक किंमत अशी की दिल्ली, हैदराबाद वा कोलकाता येथील अभ्यासक आज सत्यशोधक चळवळ त्यांच्या इंग्रजी ग्रंथांतून वाचतो आणि मूळ मराठी मजकुरापर्यंत क्वचित जातो. मराठीबाहेरच्या विद्यापीठांतील मराठी अध्यासनांपुढे त्यामुळे एक निश्चित काम उभे राहते. ऑम्व्हेट यांनी वापरलेली साधने मूळ भाषेत संपादित करणे, शेजारच्या भाषांतील समकालीन साधनांशी ती ताडून पाहणे, आणि ज्या शेतमजूर स्त्रियांचे बोलणे इंग्रजीत उद्धृत झाले त्यांचे शब्द त्यांच्या बोलीत शक्य तेथे परत मिळवणे, असे त्याचे स्वरूप आहे. ‘कामगार’ या शब्दाच्या मराठी कोशातील अर्थात त्या स्त्रियांचा समावेश व्हावयाचा असेल, तर त्यांचे म्हणणे मराठीतही वाचता आले पाहिजे.